राउटर एक, खेळाडू पाच, सर्व्हर मात्र बाहेरचा: आजच्या स्ट्रॅटेजी खेळांत लॅन कितपत उरले आहे?

प्रश्न थोडक्यात असा आहे. पाच मित्रांपैकी चौघे सुट्टीत एका घरी आपापले लॅपटॉप घेऊन जमणार आहेत आणि पाचवा दुबईत आहे. घरचे इंटरनेट भरवशाचे नाही. त्यांना ‘एज ऑफ एम्पायर्स २’ची डेफिनिटिव्ह एडिशन, ‘स्टारक्राफ्ट २’ आणि जमल्यास ‘सिव्हिलायझेशन ६’ खेळायचे आहे. चौघे एकाच राउटरला जोडलेले असताना इंटरनेटशिवाय लॅनवर, म्हणजे घरातल्या घरातील स्थानिक नेटवर्कवर, खेळता येईल का, दुबईतील मित्राला त्यात घेता येईल का आणि खेळ लॅन देत नसेल तर इंटरनेटवर मिळणाऱ्या, खेळाच्या बदललेल्या फायली वापराव्यात का, अशी ही विचारणा आहे. महाविद्यालयांच्या महोत्सवांतील गेमिंग स्पर्धांसाठी नेटवर्क उभारण्याचे काम मी बरीच वर्षे करत आलो आहे आणि हाच प्रश्न तिथेही दरवेळी वेगळ्या शब्दांत समोर येतो. तिन्ही खेळांचे उत्तर वेगवेगळे आहे. ते का वेगळे आहे हे एकदा लक्षात आले, की चौथ्या खेळाबद्दल कोणाला विचारावे लागणार नाही.

एकत्र खेळताना प्रत्यक्षात तीन स्वतंत्र कामे होत असतात. पहिले म्हणजे ओळख पटवणे, म्हणजे हा खेळाडू कोण आणि त्याने खेळ विकत घेतला आहे का याची तपासणी. दुसरे म्हणजे लॉबी, म्हणजे कोणी डाव मांडला आहे हे इतरांना दिसणे आणि त्यांनी त्यात सामील होणे. तिसरे म्हणजे प्रत्यक्ष सामन्याची देवाणघेवाण: मी घोडेस्वारांना नदीपलीकडे जायला सांगितले, हा आदेश इतरांच्या संगणकांपर्यंत पोहोचणे. जुन्या खेळांत ही तिन्ही कामे त्याच खोलीत उरकत असत, कारण ओळख म्हणजे सीडी आणि तिच्या डबीवरचा क्रमांक, लॉबी म्हणजे नेटवर्कवर दिलेली हाक आणि सामना म्हणजे संगणकांमधली थेट बोलणी. आजच्या खेळांत यांपैकी एक, दोन किंवा तिन्ही कामे कंपनीच्या सर्व्हरकडे गेलेली आहेत. म्हणून एखाद्या खेळात लॅन आहे की नाही, एवढेच विचारून भागत नाही. यांतले कोणते काम घराबाहेर जाते, हे पाहावे लागते.

‘स्टारक्राफ्ट २’मध्ये तिन्ही कामे बाहेर जातात. १९९८ सालच्या मूळ ‘स्टारक्राफ्ट’मध्ये लॅन तर होतेच, शिवाय एका सीडीवरून मित्रांच्या संगणकांवर फक्त एकत्र खेळण्यापुरती मर्यादित प्रत बसवण्याची अधिकृत सोयही कंपनीने दिली होती. दुसरा भाग लॅनशिवाय येणार, हे खेळाची निर्माती कंपनी ब्लिझार्डने २००९ मध्ये जाहीर केले, खेळाडूंनी निषेधाच्या याचिकांवर सह्या केल्या, आणि २७ जुलै २०१० रोजी खेळ ठरल्याप्रमाणे लॅनशिवायच बाजारात आला. पायरसी रोखणे आणि सगळ्यांना बॅटलनेट या कंपनीच्या ऑनलाइन सेवेवर आणणे ही दोन कारणे पुढे केली गेली. परिणामी एकाच टेबलावर समोरासमोर बसलेल्या दोघांचा प्रत्येक आदेश आधी ब्लिझार्डच्या सर्व्हरकडे जातो आणि तिथून परत त्याच टेबलावर येतो. घरचे इंटरनेट गेले, की सामना गेला. राउटर कितीही चांगला असला तरी त्यावर उपाय नाही. याची झळ व्यावसायिक स्पर्धांनाही बसली. प्रेक्षकांनी भरलेल्या सभागृहात जोडणी तुटून डाव मोडण्याचे प्रसंग आले, आणि मार्च २०१३ मध्ये आलेल्या ‘हार्ट ऑफ द स्वार्म’ या विस्तारात रेकॉर्ड झालेल्या सामन्यातील हव्या त्या क्षणापासून डाव पुन्हा सुरू करण्याची सोय द्यावी लागली. सोय उत्तम आहे आणि आपणही ती वापरावी. पण लॅन असते तर तिची निकड बरीच कमी भासली असती. तेव्हा या खेळासाठी इंटरनेट पक्के करणे किंवा तो यादीतून काढणे, एवढेच दोन पर्याय राहतात. एकट्याने मोहीम किंवा संगणकाविरुद्ध डाव मात्र ऑफलाइन खेळता येतो.

‘एज ऑफ एम्पायर्स २’ची डेफिनिटिव्ह एडिशन मधल्या पायरीवर उभी आहे. १९९९ सालचा मूळ खेळ मायक्रोसॉफ्टच्या डायरेक्टप्ले या प्रणालीवर चालत असे आणि लॅनवर कोणाचीही परवानगी न घेता सुरू होत असे. १४ नोव्हेंबर २०१९ रोजी आलेल्या नव्या आवृत्तीत इंटरनेटवरचे सामने कंपनीच्या रिले सर्व्हरमधून, म्हणजे एकाचे संदेश दुसऱ्याकडे पोहोचवणाऱ्या मधल्या सर्व्हरमधून, जातात. लॉबी उघडताना सर्व्हर निवडण्याच्या जागी स्थानिक लॅन सर्व्हरचा पर्याय मिळतो आणि तो निवडला की सामन्याची देवाणघेवाण आपल्या राउटरच्या आतच राहते. परंतु मल्टिप्लेअरच्या पडद्यापर्यंत पोहोचण्यासाठी, म्हणजे वर सांगितलेल्या पहिल्या कामासाठी, इंटरनेट लागतेच. अनेकांचा हिरमोड इथेच होतो: लॅनचा पर्याय आहे असे वाचून ते गावच्या घरी जमतात आणि खेळ सुरुवातीलाच ऑनलाइन यायला सांगतो. यातली दिलाशाची बाब अशी, की लॉगिनसाठी फारसा डेटा लागत नाही आणि वेगही लागत नाही. एका फोनचे इंटरनेट चौघांना पुरते. याच मालिकेतील ‘एज ऑफ एम्पायर्स ४’ २८ ऑक्टोबर २०२१ रोजी आला आणि त्यात लॅनची सोयच नाही, त्यामुळे मालिकेचे नाव पाहून काही गृहीत धरू नये.

‘सिव्हिलायझेशन ६’मध्ये मल्टिप्लेअरच्या यादीत स्थानिक नेटवर्क हा वेगळा पर्याय आहे आणि लॉबी व सामना दोन्ही घरातच होतात. शिवाय एकाच संगणकावर पाळीपाळीने बसून खेळण्याची हॉट सीटची सोय आहे, जी इतर सगळे बिघडले तरी चालते. खेळ पाळीपाळीचा असल्याने नेटवर्कचा वेगही इथे फारसा महत्त्वाचा नाही. या खेळाबद्दल याहून अधिक सांगण्यासारखे काही नाही.

कंपन्यांनी लॅन काढले ते केवळ हावेपोटी, असे मानणे सोयीचे असले तरी अपुरे आहे. रिअल टाइम स्ट्रॅटेजी खेळ कसे चालतात, ते इथे पाहायला हवे. शेकडो सैनिकांची जागा, शक्ती आणि दिशा दर क्षणी पाठवणे १९९० च्या दशकातील मोडेमला शक्य नव्हते. म्हणून फक्त आदेश पाठवायचे आणि प्रत्येक संगणकाने तेच आदेश त्याच क्षणी लागू करून संपूर्ण युद्ध स्वतःच उभे करायचे, अशी लॉकस्टेप पद्धत रूढ झाली. ‘एज ऑफ एम्पायर्स’च्या मूळ रचनेत सुमारे २०० मिलिसेकंदांचा एक टप्पा धरलेला होता आणि आत्ता दिलेला आदेश दोन टप्प्यांनंतर सगळीकडे एकाच वेळी अमलात येई, त्यामुळे २८.८ किलोबिटच्या मोडेमवरही आठ जणांचा डाव चालू शकत होता. या पद्धतीत डेटा अगदी कमी लागतो, पण प्रत्येकाचा संदेश प्रत्येकापर्यंत पोहोचावाच लागतो. आठ खेळाडूंमध्ये थेट जोडण्या अठ्ठावीस होतात आणि त्यातली एक जरी अडली तरी सगळ्यांचा डाव अडतो. घरोघरी राउटर आले, तसे बाहेरच्या माणसाला थेट जोडणे अवघड झाले. भारतात तर अनेक इंटरनेट पुरवठादार शेकडो ग्राहकांना एकच सार्वजनिक पत्ता वाटून देतात, त्यामुळे राउटरमध्ये पोर्ट, म्हणजे बाहेरून आत येण्याची वाट, उघडूनही घरातून होस्ट करणे, म्हणजे डाव मांडून इतरांना त्यात घेणे, जमत नाही. कंपनीचा रिले सर्व्हर हा अडथळा खरोखर दूर करतो, कारण प्रत्येकाला फक्त त्या एका ठिकाणी पोहोचायचे असते. नागपूरचा खेळाडू आज अनोळखी ब्राझिलियनशी विनासायास खेळतो, ते रिलेमुळे. माझी तक्रार रिलेबद्दल नाही. एका खोलीतल्या चौघांनाही त्याच वाटेने जायला भाग पाडले जाते, त्याबद्दल आहे.

आणि सर्व्हर कायम राहत नाहीत, हेही ध्यानात ठेवावे. गेमस्पाय ही अनेक कंपन्यांच्या खेळांना लॉबी पुरवणारी सेवा ३१ मे २०१४ रोजी बंद झाली, तेव्हा ‘कमांड अँड कॉन्कर: जनरल्स’सारख्या खेळांचा इंटरनेटवरील अधिकृत दरवाजा मिटला, लॅन मात्र चालूच राहिले, कारण त्याला गेमस्पायची गरजच नव्हती. जानेवारी २०२३ मध्ये ब्लिझार्ड आणि चीनमधील नेटईझ यांचा करार संपला, तेव्हा ‘स्टारक्राफ्ट २’सह अनेक खेळांची चीनमधील सेवा थांबली, आणि व्यवहाराशी काही संबंध नसलेले खेळाडू सेवा परत येईपर्यंत ताटकळले. २०१० मध्ये युबिसॉफ्टने ‘द सेटलर्स ७’साठी कायम ऑनलाइन राहण्याची अट घातली होती आणि कंपनीचे सर्व्हर अडखळले की पैसे मोजून घेतलेला खेळ एकट्यालाही खेळता येत नसे. याउलट उदाहरणही आहे. ‘कमांड अँड कॉन्कर’ची रीमास्टर्ड आवृत्ती ५ जून २०२० रोजी आली, तेव्हा तिच्यात लॅन नव्हते, खेळाडूंच्या मागणीनुसार ते नंतरच्या एका पॅचमध्ये दिले गेले. तंत्र अवघड नाही, इच्छा असावी लागते, असे माझे मत या एका उदाहरणावरून पक्के झाले.

आता प्रत्यक्ष मांडणीकडे येऊ. सगळ्यात आधी तार. वायफायचा सरासरी वेग भरपूर असतो, पण त्याचा विलंब क्षणाक्षणाला बदलतो, आणि लॉकस्टेपमध्ये सर्वात मंद खेळाडूची गती हीच सगळ्यांची गती असते. कोपऱ्यात बसलेल्या एकाच्या लॅपटॉपला सिग्नल नीट मिळत नसेल तर चौघांचाही डाव गुदमरतो आणि दोष नेटवर्कला दिला जातो. संगणकांना तारेने एकमेकांशी जोडणारा एक साधा आठ पोर्टचा गिगाबिट स्विच आणि कॅट ५ई किंवा कॅट ६ दर्जाच्या केबली एवढे सामान पुरते. पातळ लॅपटॉपला केबलचे तोंड नसेल तर यूएसबीचा इथरनेट अडॅप्टर घ्यावा. मंदपणाचे कारण पुष्कळदा नेटवर्क नसून कोणाचा तरी जुना प्रोसेसर असतो, हेही सांगून ठेवतो. दोनशे सैनिकांची मर्यादा आणि मोठा नकाशा असला की उत्तरार्धात तो लॅपटॉप धापा टाकू लागतो आणि बाकीचे वाट पाहत बसतात. नकाशा लहान आणि लोकसंख्येची मर्यादा कमी ठेवणे हा त्यावरचा फुकटचा उपाय आहे.

मग पत्ते. राउटर चालू असेल तर तोच प्रत्येकाला आयपी पत्ता देतो. फक्त स्विच असेल तर विंडोज काही वेळाने १६९.२५४ ने सुरू होणारा पत्ता स्वतःच घेते. अनेकांना हा बिघाड वाटतो, पण सगळ्यांचे पत्ते तसेच असतील तर केवळ लॅनवर चालणारे खेळ त्यावरही चालतात. लॉगिनसाठी इंटरनेट हवे असेल तेव्हा मात्र राउटर हवाच. यूएसबीवाटे फोनचे इंटरनेट घेणारा राउटर मिळाला तर सर्वांत सोपे. नाही तर एका लॅपटॉपला फोन जोडून विंडोजच्या इंटरनेट शेअरिंगने ते स्विचवरच्या बाकीच्यांना द्यावे. फोनचा हॉटस्पॉटच लॅन म्हणून वापरण्याचा मोह टाळावा. काही फोन जोडलेल्या उपकरणांना एकमेकांशी बोलू देत नाहीत, आणि हाच प्रकार राउटरच्या पाहुण्यांसाठीच्या वायफायवर, तसेच बहुतेक वसतिगृहांच्या आणि हॉटेलांच्या वायफायवर होतो. इंटरनेट सगळ्यांना मिळते, तरी कोणाचा डाव कोणालाच दिसत नाही, अशी लक्षणे असतील तर आधी हीच शंका घ्यावी.

डाव न दिसण्याची इतरही कारणे आहेत. लॅनवरचा होस्ट आपल्या डावाची जाहिरात ब्रॉडकास्टने करतो, म्हणजे नेटवर्कवरील सगळ्यांना एकदम हाक घालतो, आणि ही हाक राउटर ओलांडत नाही. घरात इंटरनेट कंपनीचा एक आणि स्वतःचा एक असे दोन राउटर असतील आणि निम्मे जण एकाला, निम्मे दुसऱ्याला जोडले असतील, तर ते दोन वेगळ्या नेटवर्कवर आहेत. दुसऱ्या राउटरला ॲक्सेस पॉइंट, म्हणजे पहिल्याच नेटवर्कचे वायफाय देणारे उपकरण, करून टाकावे. विंडोजमध्ये नेटवर्क सार्वजनिक म्हणून नोंदले असेल तर फायरवॉल ही हाक अडवू शकते. ते खासगी करावे आणि खेळाला परवानगी द्यावी. फायरवॉल संपूर्ण बंद करण्याचा सल्ला सर्रास दिला जातो, तो पाळू नये. आणि ज्याच्या संगणकावर कार्यालयाचे व्हीपीएन किंवा व्हर्च्युअल मशीनचे सॉफ्टवेअर आहे, त्याचा खेळ बऱ्याचदा भलत्याच, काल्पनिक नेटवर्क कार्डावर हाक मारत राहतो. आयटी कंपनीत काम करणाऱ्या मित्राचा लॅपटॉप म्हणूनच सर्वांत त्रासदायक ठरतो. ती जादा कार्डे तेवढ्यापुरती बंद केली की प्रश्न सुटतो.

जमण्यापूर्वी सगळ्यांची आवृत्ती एकच असल्याची खात्री करावी. लॉकस्टेपमध्ये प्रत्येक संगणक तेच युद्ध स्वतंत्रपणे चालवत असल्याने नियमांतला किंचित फरकही डिसिंक घडवतो, म्हणजे प्रत्येकाच्या पडद्यावर वेगळेच युद्ध चालू लागते, आणि म्हणून आवृत्ती वेगळी असेल तर खेळ मुळात सामील होऊच देत नाही. मॉड, म्हणजे खेळात चाहत्यांनी केलेले बदल, तेही सगळ्यांचे सारखे असावेत, किंवा नसावेतच. एकाकडे खेळ अद्ययावत असेल तर बाकीच्यांनी पुन्हा डाउनलोड करण्याची गरज नाही: खेळ विकणाऱ्या स्टीम या ऑनलाइन मंचाने २०२३ मध्ये स्थानिक नेटवर्कवरून दुसऱ्या संगणकावरच्या फायली घेण्याची सोय दिली आहे, तिच्या सेटिंगमध्ये मित्रांना परवानगी द्यावी. लॉगिन त्यासाठीही लागते, परंतु कित्येक गिगाबाइटचा भार तारेवरून घरातल्या घरात जातो. वीज जाण्याचा संभव असेल तर राउटर आणि स्विच इन्व्हर्टरवर किंवा राउटरसाठी मिळणाऱ्या छोट्या यूपीएसवर ठेवावेत. लॅपटॉप बॅटरीवर चालू राहतात, पण स्विच बंद पडला तर सामना तिथेच तुटतो. लांबलेला डाव मधूनमधून सेव्ह करावा.

इंटरनेटवर अजिबात अवलंबून राहायचे नसेल तर मी वेगळे खेळ सुचवेन. ‘झिरो ए. डी.’ हा प्राचीन संस्कृतींवरचा मुक्त स्रोत खेळ ‘एज ऑफ एम्पायर्स’च्या चाहत्यांना लगेच जवळचा वाटेल आणि त्यात मौर्यही आहेत, एकाने होस्ट करायचे, बाकीच्यांनी त्याचा आयपी पत्ता टाकायचा, खाते लागत नाही. ‘ओपनआरए’मध्ये ‘रेड अलर्ट’ आणि ‘ड्यून २०००’ आधुनिक संगणकांवर खेळता येतात. ‘वॉरझोन २१००’ हा १९९९ सालचा खेळ, त्याचा स्रोत २००४ मध्ये खुला झाला आणि तेव्हापासून स्वयंसेवकांनी तो जिवंत ठेवला आहे. हे तिन्ही विनामूल्य आहेत, त्यामुळे प्रत्येकाने विकत घेतला आहे का हा प्रश्न उद्भवत नाही, आणि ओळख पटवण्याचे पहिले कामच नाहीसे होते.

बदललेल्या फायलींबद्दल माझे उत्तर नकारार्थी आहे. आधी कायद्याची बाजू: बॅटलनेटची जागा घेणारा बीनेटडी हा स्वयंसेवकांचा सर्व्हर होता. त्याच्याविरुद्ध ब्लिझार्डने दावा लावला आणि २००५ मध्ये अमेरिकेच्या आठव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने कंपनीच्या बाजूने निकाल दिला. तो निकाल भारतात लागू होत नाही आणि मी वकीलही नाही, पण परवान्याच्या अटी मोडण्याचा धोका खरा आहे. तो बाजूला ठेवला तरी व्यावहारिक अडचण उरते: अनोळखी ठिकाणाहून आणलेली चालवण्याजोगी फाइल चौघांच्या लॅपटॉपवर टाकायची, आणि त्यातल्या एकावर कोणाच्या तरी कार्यालयाचे काम असते.

दुबईतील मित्रासाठी खेळानुसार मार्ग बदलतो. ‘एज ऑफ एम्पायर्स २’मध्ये त्याला घ्यायचे असेल तर लॅन सर्व्हरचा पर्याय सोडून नेहमीचा रिले वापरावा आणि पाचही जणांना जवळ पडेल असा सर्व्हर निवडावा; त्या डावापुरते घरचे इंटरनेट भरवशाचे लागेल. ‘झिरो ए. डी.’ किंवा एखाद्या जुन्या लॅनच्या खेळासाठी आभासी नेटवर्क, म्हणजे दूरच्या संगणकांना एकाच लॅनवर असल्यासारखे जोडणारे सॉफ्टवेअर, उपयोगी पडते. त्यातले झिरोटियर इथरनेटच्या पातळीवर चालते, त्यामुळे ब्रॉडकास्टची हाक पलीकडेही पोहोचते आणि डाव यादीत दिसतो. टेलस्केल आयपीच्या पातळीवर चालते, तिथे ती हाक पोहोचत नाही, म्हणून ज्या खेळात पत्ता हाताने टाकता येतो त्यालाच ते चालते. अंतराचा विलंब या कशानेच कमी होत नाही, आणि दोन टोकांना थेट जोडणी जमली नाही तर वाहतूक मधल्या एखाद्या सर्व्हरवरून वळवली जाऊन तो आणखी वाढतो. त्यामुळे आधी चौघांनी तारेवर मनसोक्त खेळून घ्यावे आणि दुबईतल्या मित्राला ‘सिव्हिलायझेशन ६’च्या इंटरनेटवरच्या डावात बोलवावे, कारण तिथे सेकंदभराच्या उशिराने कोणाचे काही बिघडत नाही.